कडी बाहेरून होती

नोकरीतल्या बऱ्याच गोष्टी आता माझ्या डोक्यात एकमेकींत मिसळतात. कुठला पंचनामा कुठल्या गावचा, कुठला आरोपी कुठल्या ठाण्याचा, हे सांगताना घोटाळा होतो आणि घरचे हसतात. ही एक घटना मात्र कशातच मिसळली नाही. मे महिन्यात भर दुपारी एखाद्या बंद टेंपोच्या पत्र्याला चुकून हात लागला, की ती जशीच्या तशी पुढे उभी राहते. हिच्यात खून नाही, दरोडा नाही. वर्तमानपत्रांनी तिला चार ओळीही दिल्या नाहीत. तरी सगळ्या सेवेत मी मनातून खरा घाबरलो होतो तो त्याच दुपारी.

मी तेव्हा खालापूर तालुक्यातल्या एका ठाण्याचा प्रभारी होतो. लग्नसराई जोरात होती आणि वार रविवार होता. अशा रविवारी ठाण्यात सुख नसतं. कुठे वरातीत नाचण्यावरून डोकी फुटलेली, कुठे हळदीच्या डीजेची तक्रार, कुठे द्रुतगती मार्गावर वऱ्हाडाची गाडी ठोकलेली. जेवणाची वेळ टळून गेल्यावर मी डबा उघडला आणि बाहेर आरडाओरडा सुरू झाला.

ठाणे अंमलदाराच्या टेबलापुढे तीन-चार जण उभे होते. सगळ्यांचे शर्ट एकाच रंगाचे, वर सोनेरी काठ. ही बेंजो पार्टी, म्हणजे हळदी-वरातीत वाजवणारं पथक, हे न विचारता कळलं. आमच्या रायगडात बेंजोशिवाय हळद लागत नाही. पुढे उभा होता तो पार्टीचा मालक आणि बेंजोवाला, तिशी ओलांडलेला, कर्जत तालुक्यातला, कळंबच्या बाजूचा. घामाने निथळत होता.

"साहेब, टेंपो चोरीला गेला! आन् मामा आत हाय!"

"आत म्हणजे? चालवत होते?"

"नाय साहेब. मागं झोपलाय. सामानात."

मी त्याला पाणी दिलं आणि सगळं नीट सांगायला लावलं. रात्रभर त्यांनी खोपोलीच्या अलीकडच्या एका गावात हळद वाजवली होती. संध्याकाळी तिथलीच वरात, म्हणून पार्टी गावातच थांबली. टेंपो लग्नघरासमोर झाडाच्या सावलीत लावला होता. पोरं नदीवर आंघोळीला गेली. ढोल वाजवणारा त्याचा मामा, साठी उलटलेला माणूस, मागे गाद्यांवर पडला. पोरं परत येऊन पाहतात तर झाडाखाली टेंपो नाही.

"मामांना फोन लाव."

"मामाचा फोन लग्नघरात चार्जिंगला हाय."

"मग जाग आली की दार उघडून उतरतील. किंवा आतून ओरडतील."

त्याच्या मागे उभ्या असलेल्या, पार्टीतल्या कीबोर्डवाल्याने मान खाली घातली.

"कडी बाहेरून हाय, साहेब," बेंजोवाला म्हणाला. "मीच घातली. लग्नघरातली पोरं येऊन ढोल बडवत व्हती, मामाची झोप मोडत व्हती. म्हटलं पडू दे जरा."

हा टेंपो कसा असतो ते सांगतो. चारी बाजूंनी पत्रा, वर पत्रा, मागे दोन झडपांचं लोखंडी दार आणि त्याला बाहेरून आडवी कडी. पावसात वाद्यं भिजू नयेत म्हणून सगळ्या फटी बुजवलेल्या. दाराच्या जोडावर बोट जाईल एवढीच काय ती जागा. झाडाखाली उभा असेल तोवर ठीक. पण ज्याने तो नेला तो सावली शोधत बसणार नव्हता. बाहेर डांबर पाघळेल असं ऊन होतं. माझा डबा तसाच उघडा राहिला.

मी ठाणे अंमलदाराला फिर्याद घ्यायला सांगितली आणि नियंत्रण कक्षाला फोन लावला. मागे अंमलदार त्याचं नेहमीचं वाक्य म्हणत होता, "हे बघ, जे झालं तेच सांगायचं. खोटी फिर्याद दिलीस तर तुझ्यावरच गुन्हा." हे वाक्य आमच्याकडे देवाचं नाव घेतल्यासारखं प्रत्येक फिर्यादीआधी घेतलं जातं. म्हणणाऱ्याचंही त्याच्याकडे लक्ष नसतं. बेंजोवाल्याने मात्र त्या वाक्यावर मान वर केल्याचं मला आठवतं. तेव्हा त्याचा अर्थ मला लागला नाही.

चोर टेंपो घेऊन आधी काय करतो? हद्द सोडतो. त्यामुळे मी रस्ते बांधायला घेतले. खालापूरच्या टोलनाक्याला कळवलं, चौक गावापाशी नाकाबंदी, खोपोलीत घाटाच्या तोंडाशी माणसं, कर्जतच्या ठाण्याला टेंपोचा नंबर. वर्णन सोपं होतं. पांढरा बंद टेंपो, दोन्ही बाजूंना पार्टीचं नाव आणि मोराचं चित्र. असा टेंपो लपून लपणार किती? बीटच्या हवालदाराला मी लग्नघराकडे पाठवलं. बेंजोवाल्याला आणि कीबोर्डवाल्याला जीपमध्ये घेतलं आणि आम्ही रस्त्याला लागलो.

जीपमध्ये बेंजोवाला एकटाच बोलत होता. बाप लहानपणीच गेला, मामाने बहिणीला आणि त्याला आपल्या घरी आणलं. ढोलावर हात धरून ताल शिकवला. पहिला बेंजो मामानेच घेऊन दिला आणि स्वतः मात्र त्या पार्टीत भाच्याच्या हाताखाली वाजवत राहिला. "लोक इचारत, मालक कोन? तं मामा माझ्याकडं बोट दाखवी." हे सांगता सांगता तो खिडकीतून प्रत्येक पांढऱ्या टेंपोकडे मान वळवत होता आणि मधूनमधून फोन कानाला लावत होता. रस्त्यावर पांढरे टेंपो किती असतात, हे मला त्या दिवशी कळलं.

नाक्यांवरून एकामागून एक फोन येत होते. टोलनाक्यावरून गेला नाही. चौकला नाही. घाटात नाही. टेंपो बाहेर पडत नसेल तर तो आत कुठेतरी उभा आहे. आणि उभा आहे म्हणजे उन्हात उभा आहे.

तेवढ्यात बेंजोवाल्याचा फोन वाजला. त्याने तो माझ्यापुढे धरला. "मामी हाय," तो म्हणाला. मी मानेने घे म्हटलं. पलीकडचा आवाज मलाही ऐकू येत होता. मामा जेवला का, गोळी घेतली का, फोन का उचलत नाय, असं ती विचारत होती. "झोपलाय गं मामी," तो म्हणाला. "उठला का सांगतो लावाया." फोन ठेवून त्याने तोंड शर्टात खुपसलं. मी खिडकीबाहेर बघायला लागलो.

मग लग्नघराकडे पाठवलेल्या हवालदाराचा फोन आला. तीस वर्षं याच तालुक्यात काढलेला माणूस, शब्द मोजून बोलणारा. "सर, काच फुटलेली नाही इथे. पानटपरीवाल्याने बघितलंय. दोघे मोटरसायकलवर आले, एकाने चावी लावून टेंपो चालू केला. त्याआधी टपरीवर थंड पाणी प्यायले, गुटखा घेतला. अगदी निवांत."

"चावी लावून?"

"होय सर. मला हे चोरीचं काम वाटत नाही."

मलाही वाटेना. चोराला घाई असते. दुसऱ्याच्या गाडीपाशी उभा राहून थंड पाणी पिणारा माणूस ती गाडी आपलीच समजत असतो. मी मागे वळून बेंजोवाल्याकडे पाहिलं. तो पुन्हा फोन कानाला लावून बसला होता. लावायचा, ऐकायचा, कापायचा, पुन्हा लावायचा. ठाण्यातून निघाल्यापासून त्याचं हेच चाललं होतं आणि मी ते पाहत होतो, पण बघितलं आत्ता. मामाचा फोन लग्नघरात. मामी घरी. पार्टीची पोरं ठाण्यात. मग हा सारखा लावतोय कुणाला?

मी जीप थांबवली, त्याला खाली उतरवलं आणि फोन मागितला. मामीचा एक फोन सोडला तर तोच तो एक नंबर, नाव नसलेला, खालपासून वरपर्यंत. आणि त्या सगळ्यांच्या तळाशी त्याच नंबरावरून आलेला एक फोन.

"हा कोणाचा?"

मी आवाज चढवला नाही. चौकशीत आवाज चढवून जे मिळतं ते बहुतेक वेळा कचरा असतो. मी एवढंच म्हणालो, "मामा पत्र्यात आहेत. तू गप्प राहशील तितका वेळ ते तिथेच राहतील."

तो रस्त्याच्या कडेलाच बसला.

"ओढणाऱ्यांचा हाय, साहेब. चोरी नाय झाली. बँकेनं न्हेली गाडी."

हप्ते थकले की बँकेची माणसं गाडी ताब्यात घेतात, त्याला आमच्या भागात 'गाडी ओढली' म्हणतात. हे काम बँक स्वतः करत नाही. ती एजन्सीला देते, एजन्सी पोरांना देते. पोरं हेरून, मालक जवळ नाही असं पाहून दुसऱ्या चावीने गाडी काढतात, कारण मालक समोर असला की मारामारी होते. ताबा घेण्याआधी आणि नंतर पोलिसांना कळवण्याची रीत आहे. या प्रकरणात ती सूचना कर्जतच्या बाजूला जाऊन तिथल्या फायलीत पडून राहिली होती, कारण मालकाचा पत्ता तिकडचा. गाडी उचलली आमच्या हद्दीत.

"काय म्हणाला फोनवर?"

"बोलला, तुजी गाडी ओढली हाय, सोडवाची आसंल तं उद्या बँकेत ये. मी वरडलो, आरं मामा आत हाय रं, आधी दार खोल! तं तो हसला, साहेब. हसला न् फोन ठेवला. तवापास्नं बंद हाय."

माझा हात उठला होता, हे लपवण्यात अर्थ नाही. तो तसाच खाली आला. आमची सगळी फौज तालुक्याच्या सीमेवर तोंड करून उभी होती आणि टेंपो बहुधा हाकेच्या अंतरावर कुठेतरी होता. आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी. हा खोटं का बोलला, हे विचारायलाही वेळ नव्हता.

"बँकेने गाडीला जीपीएस बसवला असेल ना?"

"व्हता," तो म्हणाला. "मीच तोडला. गाडी त्यांना सापडू नये म्हणून."

बँकेच्या वसुली अधिकाऱ्याचा नंबर ठाण्यातून मिळाला. तोही एका लग्नात होता, मागे सनई वाजत होती. त्याने एजन्सीचा नंबर दिला. एजन्सीचा माणूस पनवेलचा. तो म्हणाला, "कोणत्या मुलांनी घेतली ते बघून उद्या सांगतो, साहेब." मी त्याला 'उद्या' या शब्दाचा अर्थ समजावून सांगितला. ती भाषा इथे लिहिण्यासारखी नाही. तेव्हा कुठे तो वळणावर आला. गाड्या पनवेलच्या यार्डात जमा होतात, पण रविवारी यार्ड बंद. त्यामुळे पोरं त्या आसपास कुठेतरी ठेवतात आणि सोमवारी नेतात. कुठेतरी म्हणजे कुठे, ते त्यालाही माहीत नव्हतं. पोरांचे फोन बंद. गाडी ओढल्यावर मालक शिव्या घालायला फोन करतो, म्हणून ती तासन्‌तास फोन बंदच ठेवतात.

अशा वेळी यंत्रणा कामाला येत नाही, ओळख येते. लग्नघराकडून हवालदार येऊन आम्हाला मिळाला आणि म्हणाला, "सर, क्रेनवाल्याकडे जाऊ." खोपोलीत बंद पडलेल्या गाड्या उचलणारा एक क्रेनवाला होता. अधूनमधून आम्हाला उपयोगी पडायचा. ओढलेली गाडी चालू झाली नाही, तर ती न्यायला पोरं यालाच बोलवत. म्हणजे जागा त्याला माहीत असणार.

तो खाटेवर चहा पीत बसला होता. आम्हाला पाहून उठला, पण प्रश्न ऐकताच त्याचा चेहरा कोरा झाला.

"मला नाय ठाऊक, साहेब. त्ये लोक आपापलं बगतात."

पाण्यात राहून माशाशी वैर कोण घेतो? त्याचं अर्धं पोट त्या पोरांवर चालत होतं. हवालदाराने दोनदा समजावलं, तो ढिम्म. मी दम द्यायच्या बेतात होतो, तेवढ्यात बेंजोवाला पुढे झाला आणि त्याने क्रेनवाल्याचे दोन्ही हात धरले.

"दादा, टेंपो ऱ्हाऊ दे त्यांना. टेंपो नको मला. आत मामा कोंडलाय रं माझा."

क्रेनवाल्याने कप खाली ठेवला. "आत? मागं? या उन्हात?" मग तो आमच्याशी नाही, त्याच्याशीच बोलला. "साजगावला चल. एक बंद पडलेला कारखाना हाय, त्याच्या मागल्या अंगाला आवार हाय. थितं लावतात. चल, मीच येतो."

क्रेनवाल्याला जीपमध्ये घेऊन आम्ही साजगावला निघालो. रुग्णवाहिकेला मी वाटेतच फोन केला होता. ती दुसऱ्या अपघातावर गेली होती.

आवाराच्या फाटकाला कुलूप होतं आणि रखवालदार जागेवर नव्हता. हवालदाराने जॅकच्या दांड्याने कुलूप तोडलं. आत झाडाचं एक पान नाही. रिक्षा, ट्रॅक्टर, मोटारी, सगळ्या रांगेने धूळ खात उभ्या. मी चालकाला जीप बंद करायला सांगितली, कारण मला ऐकायचं होतं. काहीही ऐकू आलं नाही. शेजारच्या कारखान्यातले काही कामगार भिंतीवरून डोकावत होते. त्यांतला एक म्हणाला, "साहेब, मगाशी आतमदी ढोल वाजत व्हता. आमी समजलो कुठं हळद हाय."

"मगाशी म्हणजे कधी? थांबला कधी?"

"थांबून लई येळ झाला."

लग्नसराईत ढोल वाजला म्हणून कोण उठून बघायला जाणार? तो माणूस मदतीसाठी ढोल बडवत होता आणि भिंतीपलीकडची माणसं त्या तालावर काम करत होती.

टेंपो शेवटच्या ओळीत सापडला, मोराच्या चित्रावरून. आणि तिथे पोहोचल्यावर बेंजोवाल्याच्या तोंडून जो आवाज निघाला तो मी विसरू शकत नाही. टेंपो पाठीमागून भिंतीला चिकटवून लावला होता. दार आणि भिंत यांच्यात हात जाणार नाही इतकं अंतर. ओढलेल्या गाडीतलं सामान रात्री कोणी चोरू नये, म्हणून ही पोरं गाडी अशीच लावतात. चोरीचा आळ येऊ नये म्हणून केलेली ती काळजी होती.

"मामा! ओ मामा!" तो पत्र्यावर दोन्ही मुठी आपटत होता. आतून काही नाही.

हवालदाराने पुढची काच फोडली, हँडब्रेक सोडला, गिअर काढला. "ढकला!" मी, कीबोर्डवाला, क्रेनवाला, चालक, भिंतीवरून उड्या मारून आलेले कामगार, सगळे पुढून ओढायला आणि दोन्ही बाजूंनी पुढे रेटायला लागलो. पत्रा तापून तव्यासारखा झाला होता, हात ठेववत नव्हता. टेंपो आधी हललाच नाही. मग एकदम सुटला. बेंजोवाला भिंतीच्या आणि दाराच्या मधल्या बेचक्यात घुसला आणि त्याने कडी सरकवली.

मामा दाराशीच पालथे पडले होते. शर्ट काढलेला, तोंड दाराच्या जोडाला लावलेलं, जिथून बोटभर वारा येत होता. एका हातात ढोलाची काठी तशीच. मी मानेला बोटं लावली. पहिल्यांदा काही लागलं नाही. बेंजोवाला माझ्या तोंडाकडे बघत होता आणि मी त्याच्याकडे बघायचं टाळत होतो. बोटं जरा खाली सरकवली. लागलं. बारीक, घाईघाईचं, पण लागलं.

"आहेत," मी म्हणालो.

कामगारांनी पिंपातलं पाणी आणलं. बेशुद्ध माणसाच्या तोंडात पाणी ओतायचं नसतं, म्हणून मी त्यांना थांबवलं. सोनेरी काठांचे शर्ट भिजवून त्यांच्या डोक्यावर आणि छातीवर घातले आणि जीपमध्ये आडवं टाकून खोपोलीच्या दवाखान्यात नेलं. वाटेत एकदा त्यांनी डोळे किलकिले केले. भाचा हुंदके देत होता. मामा काहीतरी पुटपुटले, ते कुणालाच कळलं नाही. डॉक्टर नंतर म्हणाले की आणखी थोडा उशीर झाला असता तर आमच्याकडे आणून उपयोग नव्हता.

फोनवर हसलेल्या त्या एजंटाची हकीकत इथेच सांगून टाकतो. त्या पोराला आम्ही दुसऱ्या दिवशी पकडलं. चौकशीत तो रडला. मला वाटत होतं की समोर कोणीतरी निर्दयी गुंड बसेल. बसला होता एक साधा, केस नीट विंचरलेला मुलगा. गाडी घेताना आतलं सामान तपासायचं असतं, पण त्याने कडी पाहिली आणि उघडायचा कंटाळा केला. मी विचारलं, फोनवर हसलास का? तो म्हणाला, "साहेब, रोज फोनवर कोण ना कोण काहीतरी सांगतं. आई आजारी आहे, गाडीत औषधं आहेत, मुलीची परीक्षा आहे. सगळं खोटं निघतं. मामा आत झोपलाय, हे नवीन होतं. म्हणून हसू आलं." त्याच्यावर दुसऱ्याच्या जिवाला धोका पोहोचेल असं निष्काळजी कृत्य केल्याचा गुन्हा दाखल झाला. टेंपो मुद्देमाल म्हणून कितीतरी दिवस आमच्या आवारात उभा होता, बँकेलाही मिळेना आणि मालकालाही. शेवटी कोर्टाच्या आदेशाने तडजोड होऊन तो बेंजोवाल्याला परत मिळाला. मामा पुन्हा वाजवायला लागले, पण मागे बसायला तयार नाहीत. चालकाशेजारी बसतात आणि काच खाली ठेवतात, थंडीतसुद्धा.

पण मला सांगायचं आहे ते त्या रविवारच्या संध्याकाळबद्दल. मामांना सलाईन लावली होती, मामी येऊन पायाशी बसली होती. भाच्याला ती एक शब्द बोलली नाही. फक्त त्याचं मनगट धरून ठेवलं होतं. मामा शुद्धीवर आले होते. आवाज फुटत नव्हता, तरी ते बोलले. "आदी वरडलो. मंग म्हटलं, घसा सुकंल, वाजवू. पन लगीनसराईत ढोल ऐकून लोक नाचाया येतात रं, सोडवाया कोन येतं?" आणि ते हसले. त्या हसण्याने माझा उरलासुरला धीर सुटला आणि मी बाहेर व्हरांड्यात आलो.

बेंजोवाला माझ्या मागे आला. ठाणे अंमलदारही तिथेच उभा होता. पुरवणी जबाब घ्यायचा होता. खोट्या फिर्यादीबद्दल त्याच्यावर कारवाई करता आली असती. मी ती करणार नव्हतो, पण राग होता. त्याच्या एका खोटेपणामुळे माझी माणसं दुपारभर भलत्याच रस्त्यांवर उभी होती आणि मामा त्या पत्र्यात वाजवून वाजवून थकले होते.

"एवढंच सांग," मी म्हणालो. "चोरी का सांगितलीस? पहिल्या वाक्याला खरं बोलला असतास, तर आपण सरळ साजगावला गेलो असतो."

तो चपलेच्या अंगठ्याने फरशी उकरायला लागला.

"बँकेनं गाडी न्हेली असं बोललो असतो, तं तुमी काय बोलला असता, साहेब?"

आमच्या प्रत्येक ठाण्यात त्याला एकच उत्तर आहे. हा दिवाणी मामला आहे, कोर्टात जा. तो पुढे म्हणाला, "आमच्या गावात तिघांच्या गाड्या ओढल्या. तिघंबी ठाण्यावं गेलते. चोरी बोललं तरच पोलीस उठतात, ह्ये आमच्याकडं समद्यांना ठाऊक हाय."

"अरे, पण माणूस आत आहे म्हटल्यावर आम्ही उठलोच असतो की!"

त्याने माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत उद्धटपणा नव्हता. असता तर मला बरं वाटलं असतं.

"हां साहेब, उठला असता. पन थितवर मला बोलू दिलं असतं का?"

अंमलदाराने जबाबाचे कागद या हातातून त्या हातात घेतले.

आम्ही पोलीस समजतो की ठाण्यात येणारा माणूस घडलं ते सांगतो. तो तसं करत नाही. आपण काय सांगितलं म्हणजे हा खुर्चीतून उठेल, याचा विचार तो फाटकाबाहेरच करून येतो आणि तेवढंच सांगतो. त्याच्या खोट्यात निम्मी भर आमच्या सवयीची असते. त्यानंतर निवृत्त होईपर्यंत मी जिथे जिथे प्रभारी होतो, तिथे एक नियम ठेवला होता. समोरच्याचं बोलणं संपल्याशिवाय 'दिवाणी मामला' हे शब्द कोणी तोंडातून काढायचे नाहीत. नियम कंटाळवाणा होता. शंभरातले नव्व्याण्णव लोक शेवटपर्यंत ऐकूनही दिवाणीच निघायचे, आणि माझी माणसं वैतागायची. मी त्यांना म्हणायचो, वैतागा, पण ऐका. शंभरावा कोण ते त्याच्या शेवटच्या वाक्यात कळतं.